विंचू, इच्चू आणि वृश्चिक : एका शब्दाविषयी वारंवार विचारले जाणारे प्रश्न

वऱ्हाडातील आणि झाडीपट्टीतील वाचक, गावोगावच्या शाळांमधील शिक्षक आणि विद्यार्थी 'विंचू' या शब्दाविषयी जे प्रश्न पुन्हा पुन्हा पाठवतात, ते येथे एकत्र केले आहेत. सोपे प्रश्न आधी आणि अडचणीचे नंतर, असा क्रम ठेवला आहे. एका उत्तरातील मजकूर दुसऱ्या उत्तरात पुन्हा सांगण्याऐवजी त्या प्रश्नाचा क्रमांक दिला आहे.

१. 'विंचू' या शब्दाचा मूळ अर्थ काय? विंचवाला किडा म्हणणे बरोबर आहे का?

आठ पायांचा, पुढे दोन चिमटे असलेला आणि शेपटाच्या टोकाला विषारी काटा असलेला प्राणी, हा या शब्दाचा पहिला आणि मुख्य अर्थ आहे. बाकीचे सगळे अर्थ, म्हणजे रास, आकाशातील आकृती, झाड, दागिना, शस्त्र किंवा टोचून बोलणारा माणूस, हे या प्राण्याच्या आकारावरून किंवा स्वभावावरून पुढे निघालेले आहेत. प्राणिशास्त्राच्या दृष्टीने कीटकाला सहा पाय असतात आणि विंचू कोळ्याच्या वर्गात बसतो, त्यामुळे तो कीटक नव्हे. मात्र खेड्यातील बोलण्यात 'किडा' हा शब्द कीटक या अर्थाने वापरलाच जात नाही. 'किडा चावला' असे म्हणताना साप, विंचू, घोण यांपैकी काहीही अभिप्रेत असू शकते, आणि पुष्कळदा नाव मुद्दाम टाळायचे असते म्हणूनच 'किडा' म्हटले जाते. शास्त्राच्या पेपरात विंचवाला कीटक लिहिणे चूक आहे. घरात त्याला किडा म्हणणे चूक नाही.

२. 'विंचू' हा शब्द कोठून आला?

संस्कृतमधील 'वृश्चिक' आणि मराठीतील 'विंचू' यांच्या मध्ये प्राकृत उभी आहे, आणि तीच पायरी बहुतेक वेळा गाळली जाते. 'वृश्चिक'मधील 'वृ' प्राकृतात 'वि' झाला. असा ऋकाराचा इकार मराठीत इतरत्रही सापडतो : शृंगाचे शिंग झाले, गृध्राचे गिधाड झाले. पुढच्या 'श्च' या जोडाक्षराचे साधारणपणे 'च्छ' व्हायला हवे होते आणि काही भाषांत ते तसे झालेही (प्रश्न ५ पाहा). परंतु बाराव्या शतकातील जैन पंडित हेमचंद्र यांनी आपल्या प्राकृत व्याकरणात 'वृश्चिक' या एकाच शब्दासाठी स्वतंत्र नियम सांगितला आहे. त्यातील 'श्चि'च्या जागी विकल्पाने 'ञ्चु' येतो आणि 'विंचुओ' असे रूप होते, असा तो नियम आहे. त्याच ठिकाणी 'विंछिओ' हे दुसरे रूपही त्यांनी नोंदवले आहे.

'विंचुओ' हे रूप मोठ्याने उच्चारून पाहावे. शेवटचा ओकार गळाला आणि उकार दीर्घ झाला की आपला 'विंचू' हातात येतो. अनुस्वार कोठून आला, 'छ' न राहता 'च' का झाला, शेवटी 'ऊ' का आहे, या तिन्ही शंकांचे उत्तर त्या एका प्राकृत रूपात मिळते. म्हणून 'विंचू हा वृश्चिकचा अपभ्रष्ट उच्चार आहे' हे वाक्य, जे अनेक मार्गदर्शकांत छापलेले दिसते, ते आम्हाला मान्य नाही. कोणाची तरी जीभ अडखळली म्हणून हा शब्द तयार झालेला नाही. व्याकरणकारांनी नोंद घ्यावी इतक्या प्रतिष्ठेने तो आठशे वर्षांपूर्वीच वापरात होता.

३. आमच्याकडे सगळे 'इच्चू' म्हणतात. मुलांनी तसे लिहिले की गुरुजी काट मारतात. 'इच्चू' अशुद्ध आहे का?

हा प्रश्न सर्वांत जास्त वेळा येतो, आणि त्याचे उत्तर थोडे सविस्तर द्यायला हवे.

वऱ्हाडीत शब्दाच्या सुरुवातीला 'वि' किंवा 'वी' असेल, तर त्यातील 'व' गळतो आणि नुसता स्वर उरतो. विहिरीची इहीर होते, विस्तवाचा इस्तो होतो, विचाराचा इचार, विळ्याचा इळा आणि विजेची ईज होते. हे कोणी एखाद्या शब्दापुरते आळसाने करत नाही. हा नियम आहे आणि तो बोलणाऱ्याच्या जिभेवर इतका पक्का बसलेला असतो की नवा शब्द आला तरी त्याला तो लागू होतो. 'विंचू'चा 'व' त्याच नियमाने गेला. त्यानंतर अनुस्वार सुटला आणि त्याची भरपाई म्हणून 'च' दुहेरी झाला, म्हणून 'इच्चू'. काही गावांत अनुस्वार टिकून 'इंचू' असेही ऐकू येते, तर कोठे एकेरी 'इचू' म्हणतात. विदर्भाबाहेरच्या ग्रामीण मराठीतही ही रूपे आहेत, त्यामुळे ती केवळ वऱ्हाडी आहेत असेही समजू नये.

आता मुलांच्या वहीविषयी. शाळेतील निबंधात, अर्जात किंवा बातमीत प्रमाण लेखन अपेक्षित असते आणि तेथे 'विंचू' असेच लिहावे. परंतु निबंधात आजी बोलत असेल आणि आजी वाशीमची किंवा दर्यापूरची असेल, तर तिच्या तोंडी 'इच्चू'च असायला हवा. तो शब्द तेथे तांबड्या शाईने कापणे म्हणजे आजीचे बोलणे खोटे पाडणे होय. शिक्षकांना आमची कळकळीची विनंती आहे की 'चूक' असा शेरा मारण्याऐवजी 'बोलीतील रूप' असा शेरा लिहावा. घरात जन्मापासून ऐकलेला शब्द चुकीचा आहे असे सांगितले की मूल तो शब्द बदलत नाही, बोलणेच कमी करते.

४. 'वृश्चिक' हा संस्कृत शब्द किती जुना आहे आणि त्याची व्युत्पत्ती काय?

तो ऋग्वेदाइतका जुना आहे. पहिल्या मंडलाचे शेवटचे, १९१ वे सूक्त विषनाशाचे आहे आणि त्याच्या अखेरच्या ऋचेत विंचवाला थेट संबोधून 'हे वृश्चिका, तुझे विष निःसत्त्व आहे' अशा अर्थाचे शब्द येतात. अथर्ववेदात हा शब्द साप आणि विंचू अशा जोडीने येतो. बाराव्या कांडातील भूमिसूक्तात पृथ्वीला केलेली एक प्रार्थना विदर्भातल्या शेतकऱ्याला विशेष जवळची वाटेल : तीव्र दंश करणारे तुझे साप आणि विंचू हिवाळ्यात गारठून बिळात पडून असतात, पावसाळ्यात जे जे वळवळत बाहेर येते, ते आमच्या अंगावर सरपटत येऊ नये. मिरुगाच्या पहिल्या पावसाने बिळात पाणी शिरते आणि धुऱ्यावरच्या दगडांखालून, कुटाराच्या ढिगातून, रचून ठेवलेल्या पऱ्हाट्यांतून विंचू बाहेर पडू लागतात, तेव्हा आजही मनात हेच येते.

व्युत्पत्ती परंपरेने 'व्रश्च्' या धातूपासून सांगितली जाते. पाणिनीय धातुपाठात या धातूचा अर्थ 'छेदन', म्हणजे कापणे, तोडणे असा दिला आहे आणि त्याचे वर्तमानकाळी रूप 'वृश्चति' असे होते. कापल्यासारखी वेदना देणारा तो वृश्चिक, असा अर्थ त्यातून निघतो. ज्याने हा दंश अनुभवला आहे त्याला हा अर्थ समजावून सांगावा लागत नाही.

५. हिंदी 'बिच्छू' आणि मराठी 'विंचू' हे एकच शब्द आहेत का? तेलुगूत काय म्हणतात?

हिंदी 'बिच्छू', गुजराती 'वींछी', कोकणी 'विंचू', नेपाळी 'बिच्छी' आणि बंगाली 'बिछा' ही सगळी 'वृश्चिक'चीच वंशावळ आहे. फरक दोन ठिकाणी पडला. हिंदीने शब्दारंभीच्या 'व'चा 'ब' केला, जसे वीस आणि बीस, वन आणि बन. दुसरे म्हणजे, हिंदीने अनुस्वार नसलेली 'च्छ'ची वाट धरली. पालीतही 'विच्छिक' असेच रूप आहे. गोंदिया-भंडाऱ्याच्या पट्ट्यात एकाच घरात 'इच्चू' आणि 'बिच्छू' दोन्ही ऐकू येतात, तेव्हा ती सरमिसळ आहे असे वाटले तरी ते दोघे सख्खे भाऊ आहेत.

सिरोंच्याकडे गेले की नाते तुटते. तेलुगूत विंचवाला 'तेलू' म्हणतात, तमिळमध्ये 'तेळ' आणि कन्नडमध्ये 'चेळु'. हे शब्द द्राविडी आहेत आणि 'वृश्चिक'शी त्यांचा काही संबंध नाही. आपल्या 'तेल' या शब्दाशीही 'तेलू'चा संबंध नाही, हे मुद्दाम सांगावे लागते, कारण तसे विचारणारी पत्रे येतात.

६. 'विंचूला' म्हणायचे की 'विंचवाला'? दोन्ही ऊकार दीर्घ का?

प्रमाण लेखनात 'विंचवाला, विंचवाने, विंचवाचा' अशी रूपे होतात, कारण काही ऊकारान्त पुल्लिंगी शब्दांच्या सामान्यरूपात शेवटच्या 'ऊ'चा 'वा' होतो : भाऊ-भावाला, नातू-नातवाला, लाडू-लाडवाला. 'विंचूला' हे रूप आता शहरांत कानावर येते, पण खेड्यात 'इचवाले', 'इच्चवानं' असेच बोलतात. म्हणजे येथे बोलीने जुनी घडण अधिक नीट जपली आहे. अनेकवचन 'विंचू' असेच राहते. प्रश्नात दोन ऊकारांचा उल्लेख आहे, पण शब्दात ऊकार एकच आहे. पहिले अक्षर 'वि' असून त्याची वेलांटी ऱ्हस्व आहे आणि शेवटचा 'चू' दीर्घ आहे. 'विंचू'मधील 'च' हा 'चमचा'तल्या दंततालव्य उच्चाराचा आहे, तर 'वृश्चिक'मधला 'चिंच'मधल्या 'चि'सारखा तालव्य.

७. 'इंगळी' म्हणजे विंचवाची मादी का?

नाही, जरी शब्द स्त्रीलिंगी असला तरी. मोठ्या, काळ्या, जाडजूड विंचवाला इंगळी म्हणतात, मग तो नर असो की मादी. मराठीत 'इंगळ' म्हणजे निखारा. संस्कृत 'अंगार', प्राकृत 'इंगाल', मराठी 'इंगळ' अशी ती साखळी आहे. इंगळीचे नाव निखाऱ्याशी जोडले जाते ते तिच्या दंशाने होणाऱ्या आगीमुळे.

येथे एक धोका आहे आणि तो शब्दाच्या पलीकडचा असला तरी सांगणे आवश्यक वाटते. 'इंगळी' या नावात जितकी दहशत आहे तितके जहर त्या मोठ्या काळ्या जातींत सहसा नसते. त्याउलट आकाराने लहान असलेला तांबडा विंचू कितीतरी अधिक घातक आहे. महाराष्ट्रात विंचूदंशाने जे मृत्यू होतात ते मुख्यतः त्याच्यामुळे. 'इंगळी नव्हती, साधा बारका इच्चू होता' असे म्हणून लेकराला घरी झोपवून ठेवणे हे या शब्दाने केलेले नुकसान आहे. उपचाराविषयी प्रश्न ९ पाहा.

८. नांगी म्हणजे नेमके काय? खेकड्यालाही नांगी असते ना?

विंचवाच्या बाबतीत नांगी म्हणजे शेपटाच्या टोकाचा विषारी काटा. खेकड्याच्या बाबतीत मात्र नांगी म्हणजे पुढचा चिमटा. विंचवालाही पुढे चिमटे असतात, पण त्यांना नांगी म्हणत नाहीत. दोन्हींत समान गोष्ट एवढीच की त्या प्राण्याचे दुखापत करण्याचे साधन जे असेल ती त्याची नांगी. शब्द अवयवाला नव्हे तर हत्याराला चिकटला आहे, असे म्हणता येईल.

वाक्प्रचारांमध्ये नेहमी विंचवाची नांगी असते. 'नांगी टाकणे' म्हणजे जोर संपून माघार घेणे, 'नांगी मारणे' म्हणजे बोलण्यातून डंख करणे, आणि 'नांगी ठेचणे' म्हणजे त्रास देणाऱ्याची त्रास देण्याची ताकदच मोडून काढणे.

९. विंचू तोंडाने चावत नाही, मग 'विंचू चावला' असे का म्हणतात? आणि 'विंचू उतरला' म्हणजे काय उतरले?

मराठीत 'चावणे' हे क्रियापद दातांपुरते राहिलेले नाही. साप चावतो, डास चावतो, मुंगी चावते, तसाच विंचूही चावतो. 'डसणे' आणि 'दंश करणे' हे लेखनात अधिक आढळते, 'नांगी मारली' हे वर्णन म्हणून नेमके आहे, परंतु बोलताना 'चावला' हेच स्वाभाविक आहे आणि ते बदलण्याचे कारण नाही. सापाच्या बाबतीत ग्रामीण भागात 'पान लागलं' असे म्हणून सापाचे नावच टाळतात. विंचवाला 'किडा' या सर्वसाधारण शब्दाखेरीज (प्रश्न १ पाहा) असे खास आडवळणाचे नाव सहसा मिळालेले नाही. बहुतेक वेळा त्याचे नाव सरळ घेतले जाते.

'विंचू उतरणे' हा प्रयोग फार लक्षणीय आहे. येथे विंचू म्हणजे प्राणी नव्हे, तर त्याचे विष आणि त्या विषाची कळ. ती बोटापासून दंडाकडे, पायाच्या अंगठ्यापासून जांघेकडे जाते तेव्हा 'विंचू चढला' म्हणतात आणि शमते तेव्हा 'विंचू उतरला' म्हणतात. प्राणी केव्हाच वावरात निघून गेलेला असतो. माणसाच्या अंगात राहिलेल्या वेदनेलाच त्याचे नाव दिले जाते. त्यातूनच विष उतरवणारा तो 'उतारा' असा अर्थ आला आहे. पुस्तकातून उतरवून घेतलेला मजकूर आणि तलाठ्याकडून मिळणारा सातबाराचा उतारा हेही 'उतरणे' या क्रियापदाचेच दुसरे पोटअर्थ आहेत.

शब्द जुना असला तरी उपाय जुना धरू नये. मंत्राने विंचू उतरवणारा माणूस गावात असतो आणि काळ्या विंचवाची कळ काही तासांनी आपोआपही ओसरते, त्यामुळे मंत्राला यश आल्यासारखे वाटते. तांबड्या विंचवाच्या विषाने मात्र हृदयावर आणि फुप्फुसावर परिणाम होतो. कोकणात महाड येथे डॉ. हिंमतराव बावस्कर यांनी प्राझोसीन हे औषध वापरून विंचूदंशावरील उपचारात जे काम केले, त्यामुळे मृत्यूंचे प्रमाण मोठ्या प्रमाणात घटले. घाम सुटणे, उलटी होणे, हातपाय गार पडणे, दम लागणे यांपैकी काहीही दिसले, आणि लहान मुलाच्या बाबतीत काहीही न दिसले तरी, ताबडतोब आरोग्य केंद्र गाठावे.

१०. 'विंचवाचे बिऱ्हाड पाठीवर' या म्हणीत बिऱ्हाड म्हणजे काय?

विंचवाची मादी अंडी घालत नाही. ती पिलांना जन्म देते आणि ती पांढुरकी, मऊ पिले तिच्या पाठीवर चढून बसतात. पहिली कात टाकेपर्यंत ती तेथेच असतात. दगड उचलल्यावर पाठीवर पिलांचा थर घेऊन चालणारी विंचवी ज्याने पाहिली, त्याला ही म्हण सुचणे साहजिक होते. काही जण 'बिऱ्हाड' म्हणजे पाठीवर वळलेले शेपूट आणि नांगी असा अर्थ लावतात. आम्हाला तो अर्थ ओढूनताणून आणलेला वाटतो, कारण बिऱ्हाड या शब्दात संसार आणि मुलेबाळे असतात, हत्यार नसते.

वापर मात्र पिलांपुरता राहिलेला नाही. ज्याला स्थिर घर नाही आणि जो आपला सगळा संसार बरोबर घेऊन हिंडतो, त्याच्याविषयी ही म्हण वापरतात. वारंवार बदली होणारा कर्मचारी स्वतःविषयी ती कौतुकाने वापरतो. दिवाळीनंतर वीटभट्टीवर निघालेल्या किंवा उन्हाळ्यात तेंदूपानांच्या हंगामासाठी गाव सोडणाऱ्या कुटुंबाविषयी मात्र ती सहजपणे वापरू नये असे आमचे मत आहे, कारण पाठीवरचे ते बिऱ्हाड त्यांनी हौसेने घेतलेले नसते.

११. संत एकनाथांच्या भारुडात 'विंचू चावला' आणि 'वृश्चिक चावला' असे दोन्ही का आहे? अर्थ तर एकच आहे.

अर्थ एकच आहे आणि तरीही ती निव्वळ पुनरुक्ती नाही. सोळाव्या शतकातील श्रोत्यांत शास्त्री होते आणि शेतकरीही होते. 'विंचू' म्हटल्यावर शेतकऱ्याच्या अंगावर काटा येतो. 'वृश्चिक' म्हटल्यावर तीच गोष्ट पोथीच्या भाषेत उभी राहते. लगेच पुढच्या ओळीत हा विंचू कामक्रोधाचा आहे असे उघड होते. त्याच भारुडात 'इंगळी', 'नांगा' आणि 'उतारा' हे शब्दही येतात, म्हणजे प्रश्न ७ ते ९ मधील जवळजवळ सगळी शब्दसंपत्ती त्या काळी अशीच वापरात होती, याचा हा भक्कम पुरावा आहे. आजही सप्ताहात किंवा गावच्या भारुडाच्या कार्यक्रमात ही रचना सादर होते.

१२. प्राणी विंचू, मग रास 'वृश्चिक' का? राशीला 'विंचू रास' म्हणत नाहीत ते का?

पंचांगाची भाषा संस्कृत राहिली म्हणून. मेंढ्याला मेष, मासळीला मीन आणि खेकड्याला कर्क म्हणतात, त्याच नियमाने विंचवाला तेथे वृश्चिक म्हणतात. ही आठवी रास असून विशाखेचा शेवटचा चरण, अनुराधा आणि ज्येष्ठा मिळून ती होते. नामाक्षरे तो, ना, नी, नू, ने, नो, या, यी, यू अशी आहेत.

बारा राशींची ही मांडणी भारतात ग्रीकांकडून आली आणि ग्रीकांकडे ती बाबिलोनमधून गेली होती; तेथेही या ताऱ्यांना विंचूच म्हणत. या प्रवासाची खूण आपल्याच ग्रंथात शिल्लक आहे. प्राचीन ज्योतिषी वराहमिहिर यांच्या 'बृहज्जातक' या ग्रंथात राशींची जी दुसरी नावे एका श्लोकात दिली आहेत, त्यांत वृश्चिकाचे नाव 'कौर्प्य' असे आहे, आणि ते ग्रीक 'स्कॉर्पिओस'चे संस्कृत रूप आहे. मूळचा भारतीय शब्द हाताशी असल्यामुळे 'कौर्प्य' मागे पडला आणि 'वृश्चिक' टिकला. केरळात तर एका महिन्याचेच नाव 'वृश्चिकम्' आहे.

तारखांतील गोंधळाविषयी थोडक्यात : पाश्चात्त्य पद्धतीने सूर्य या राशीत ऑक्टोबरच्या २३ तारखेच्या सुमारास येतो, आपल्या निरयन, म्हणजे स्थिर तारे धरून राशी मोजणाऱ्या, पंचांगाप्रमाणे नोव्हेंबरच्या १६ तारखेच्या सुमारास. त्यामुळे एकाच माणसाची रास दोन ठिकाणी वेगळी दिसू शकते. शिवाय आपल्याकडे 'माझी रास' म्हणजे चंद्ररास, म्हणजे जन्मवेळी चंद्र ज्या राशीत असतो ती रास असते.

१३. आकाशातला विंचू कधी दिसतो? मूळ नक्षत्राचे वेदातील नाव 'विचृत्' आहे, तेच 'विंचू' झाले का?

उन्हाळ्याच्या शेवटी, मे-जूनच्या रात्री, अंगणात खाट टाकून दक्षिणेकडे पाहिल्यास विंचवाची आकृती उघड्या डोळ्यांनी सहज ओळखता येते. डोक्याकडे अनुराधा, मधोमध तांबूस ज्येष्ठा आणि खाली आकड्यासारखे वळलेले शेपूट म्हणजे मूळ. वटपौर्णिमेचा चंद्र याच भागात असतो, कारण पौर्णिमेचा चंद्र ज्येष्ठा नक्षत्राजवळ असतो म्हणूनच त्या महिन्याला ज्येष्ठ म्हणतात. येथे एक अपवाद लक्षात ठेवावा. आकृतीत मूळ ही विंचवाची नांगी असली तरी राशीच्या हिशेबात मूळ नक्षत्र धनु राशीत मोजले जाते. आकृती आणि रास यांच्या सीमा एकच नाहीत.

'विचृत्' विषयीचा प्रश्न अभ्यासू वाचकाचा आहे. अथर्ववेदात 'विचृतौ नाम तारके' असा दोन ताऱ्यांचा उल्लेख आहे आणि ते नांगीच्या टोकाला अगदी जवळजवळ असणारे दोन तारे मानले जातात. जागा विंचवाची आणि शब्दही 'विंचू'सारखा, त्यामुळे संबंध जोडण्याचा मोह होतो. परंतु 'विचृत्' हा 'चृत्' धातूला 'वि' उपसर्ग लागून झालेला शब्द असून त्याचा अर्थ 'बंध सोडवणारा' असा आहे, आणि त्या मंत्रात रोगाचा पाश सोडवण्याची प्रार्थनाच केलेली आहे. तो शब्द जुळला तेव्हा तेथे विंचवाची आकृती कोणी पाहत होते असे दाखवणारे त्या मंत्रात काही नाही. ध्वनीचे साम्य हा योगायोग आहे.

१४. गावात 'स्कॉर्पिओ' गाडी सर्वांना माहीत आहे. 'स्कॉर्पिओ' आणि 'वृश्चिक' हे एकाच मुळाचे शब्द आहेत का?

अर्थ एकच आहे, मूळ एक नाही. २००२ मध्ये बाजारात आलेल्या महिंद्राच्या या गाडीचे नाव लॅटिन 'स्कॉर्पिओ' या शब्दावरून आहे आणि लॅटिन शब्द ग्रीक 'स्कॉर्पिओस'वरून. काही अभ्यासक ग्रीक शब्दाचा संबंध 'कापणे' या अर्थाच्या धातूशी लावतात, काहींना तो मान्य नाही. जरी मान्य केला तरी तो 'व्रश्च्' धातूहून वेगळा धातू आहे. रोमन सैन्यात बाण फेकणाऱ्या एका यंत्राचे नावही 'स्कॉर्पिओ' होते, म्हणजे विंचवाचे नाव यंत्राला देण्याची रीत नवी नाही.

१५. विंचवाच्या नावाने आणखी कोणत्या वस्तू ओळखल्या जातात?

गावठाणाच्या कडेला आणि उकिरड्याजवळ पावसाळ्यात उगवणारे, चिकट रुंद पानांचे 'विंचू' नावाचे झुडूप आपण पाहिले असेल. त्याचे वाळलेले काळे फळ दोन वाकड्या आकड्यांचे असते, म्हणून त्यालाच वाघनखीही म्हणतात. हे झुडूप मूळचे मेक्सिकोकडचे आहे, परंतु नाव मात्र त्याला पूर्णपणे इथले मिळाले. तळ्यात सापडणारा पाणविंचू हा खरा विंचू नसून सहा पायांचा कीटक आहे. योगातील वृश्चिकासनात पाय डोक्याच्या दिशेने वळवले जातात. गोंदणाच्या जुन्या नक्ष्यांमध्येही विंचू असतो.

'बिचवा' या शस्त्राविषयी अनेकजण विचारतात. तो हिंदी 'बिछुआ'वरून आला आहे आणि वळणदार पात्यामुळे त्याला विंचवाचे नाव मिळाले. १६५९ मधील प्रतापगडाच्या प्रसंगात वाघनखांबरोबर बिचव्याचा उल्लेख केला जातो. पायाच्या बोटात घालायच्या दागिन्याला हिंदीत 'बिछिया' म्हणतात, तोही याच कुळातला शब्द. मराठीत आपण 'जोडवी' म्हणतो, जो 'जोड'पासून आला आहे.

१६. अचलपूर-बाळापूरकडे उर्दू बोलणारे शेजारी 'अकरब' म्हणतात. तो शब्द कोणता?

तो अरबी शब्द आहे. बोलताना उर्दूतही 'बिच्छू' म्हणतात. 'अकरब' रास सांगताना किंवा लेखनात येतो. चंद्र वृश्चिकेत असण्याच्या काळाला फारसी-उर्दूत 'कमर दर अकरब' म्हणतात आणि तो काळ शुभकार्याला वर्ज्य मानण्याची समजूत आहे. अरबीत घड्याळाच्या काट्यालाही 'अकरब' म्हणतात.

१७. बंगाली पुस्तकात 'बिछा' हा शब्द केसाळ अळीसाठी वापरलेला आढळला. ही चूक आहे का?

चूक नाही. बंगालीत 'बिछा' हा शब्द विंचवाबरोबरच अंगाला लागून आग करणाऱ्या केसाळ अळीसाठी आणि घोणीसारख्या प्राण्यासाठीही वापरला जातो. याचे मूळ संस्कृतमध्येच दिसते. अमरकोश या जुन्या संस्कृत शब्दकोशात 'वृश्चिक' हे नाव दोन प्राण्यांना दिले आहे : एक शूककीट, म्हणजे अंगावर कुसळांसारखे केस असलेली अळी, आणि दुसरा आपला विंचू, ज्याची 'अलि' आणि 'द्रुण' ही आणखी दोन नावे तेथे दिली आहेत. मराठीने या दोन अर्थांपैकी एकच ठेवला. केसाळ अळीला आपण 'घुला' किंवा 'सुरवंट' म्हणतो. 'अलि' या शब्दाचा दुसरा अर्थ भुंगा असा आहे, त्यामुळे संस्कृत श्लोक वाचताना तो शब्द आल्यास आधी संदर्भ पाहावा : कमळाजवळचा अलि भुंगा असतो, आणि राशींच्या यादीतला अलि विंचू.